तारामती कोण होणार?

नागपूरहून जबलपूरच्या रस्त्याला लागलं, की कामठीची छावणी मागे पडते आणि नदीवरचा पूल ओलांडून आपण कन्हानला पोचतो. कोळशाच्या खाणी, कारखाने आणि रामटेककडे फुटणारा रेल्वेचा फाटा यांच्या आधारानं वाढलेलं हे गाव. भोवतालची खेडी मात्र शेतीची आणि दिवाळीनंतरच्या मंडईची, म्हणजे जत्रेची. मंडई म्हटली की खडी गंमत आलीच. डफ, ढोलकी, तुणतुणं, चोणकं, शाहिराची चढी पट्टी, आणि लुगडं नेसून पायात घुंगरू बांधलेला गावातलाच एखादा तरुण. रात्रभर तो गवळण व्हायचा, सासुरवाशीण व्हायचा, राणी व्हायचा, आणि उजाडलं की बैल सोडून वावरात जायचा. बाईच्या सोंगाला बाई लागते, असं ना शाहिराला वाटे ना समोर बसलेल्या बायाबापड्यांना.

पलीकडे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीच्या झाडीपट्टीतही दंडारीत आणि पुढे नाटकांत पुरुषच बायका होत. आज वडसा-देसाईगंजच्या मंडळ्या मोसमात नागपूरहून अभिनेत्री बोलावतात आणि प्रेक्षक त्यांची नावं विचारून तिकीट काढतात. या दोन चित्रांच्या मधे जे घडलं त्याची कहाणी समजून घ्यायची, तर वाट दादर, नाशिक, कोल्हापूर अशी जाते. थोडी जपानवरूनही जाते.

१९१२ सालची गोष्ट. धुंडिराज गोविंद फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन आले होते आणि दादरला राहत्या घरी ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव चालली होती. लंडनच्या प्रवासासाठी विम्याच्या पॉलिसी गहाण पडल्या होत्या, सरस्वतीबाईंचे दागिने मोडीला लागले होते. हरिश्चंद्र मिळाला, विश्वामित्र मिळाला, रोहिदासासाठी फाळक्यांनी स्वतःचा मुलगा भालचंद्र उभा केला. अडलं ते तारामतीपाशी.

जाहिराती देऊन झाल्या. नाटकातल्या बायकांना विचारून झालं. शेवटी फाळके नाचगाण्याच्या वस्तीत गेले. तिथेही नकार मिळाला. एक बाई तयार झाली, चार दिवस तालीम झाली आणि मग तिला ठेवणारा माणूस येऊन तिला घेऊन गेला, अशी हकिकत सांगितली जाते. जिला समाजानं आधीच उंबऱ्याबाहेर ठेवलं होतं, तिच्या डोळ्यांनाही सिनेमा आपल्याहून हलका दिसत होता. यंत्रासमोर उभं राहायचं, ते यंत्र आपलं रूप उचलून नेणार आणि गावोगाव, कुणाही परक्यासमोर उलगडणार, या कल्पनेत एक भय होतं. आज आपण दिवसाला दहा वेळा स्वतःचा फोटो काढतो, म्हणून ते भय आपल्याला कळत नाही.

फाळक्यांनी पत्नीलाही विचारलं. सरस्वतीबाईंनी नकार दिला, आणि त्यांचं कारण मला फार खरं वाटतं. मी उभी राहिले तर बाकीचं कोण करणार, असा त्यांचा सवाल होता. हे बाकीचं म्हणजे काय होतं? त्या काळी परदेशातून येणाऱ्या कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडलेली नसत. रात्री, अंधाऱ्या खोलीत, हातानं चालवायच्या यंत्रावर फूट-फूट फिल्म सरकवत ती भोकं पाडायची. उजेडात केलं तर सगळी फिल्म वाया. भोक तसूभर चुकलं तर पडद्यावर चित्र थरथरणार. हे काम सरस्वतीबाई करत. शिवाय फिल्म धुणं, ऊन परतवण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून तास-तास उभं राहणं, आणि साठ-सत्तर माणसांचा दोन वेळचा स्वयंपाक. पहिल्या भारतीय कथापटाच्या पडद्यावर एकही बाई नाही, पण त्या फिल्मच्या प्रत्येक भोकाशी एका बाईचा हात लागलेला आहे. चित्रपटाच्या इतिहासात त्यांचा उल्लेख बहुधा ‘फाळक्यांना साथ देणारी पत्नी’ असा एका ओळीत उरकतात. मला तो अपुरा वाटतो. त्या तंत्रज्ञ होत्या.

तारामती सापडली ती ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात. अण्णा साळुंके तिथे कामाला होते, महिना १० रुपयांवर. सडपातळ बांधा, नाजूक हात. फाळक्यांनी १५ रुपये देऊ केले आणि साळुंके तयार झाले. तारामतीच्या सख्यांची कामंही पोरांनीच केली. त्यातल्या काहींनी मिशा काढायला खळखळ केली, कारण बाप जिवंत असताना मिशी काढायची नाही ही त्या वेळची रीत. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात चित्रपट लागला. या कथेच्या आज उरलेल्या रिळांत एक प्रसंग आहे: हौदात राणीच्या सख्या एकमेकींवर पाणी उडवतात, ओली लुगडी अंगाला चिकटतात. लक्ष देऊन पाहिलं की खांद्यांची ठेवण आणि चालण्याची ढब लपत नाही. प्रेक्षकांना ते खटकलं नाही. खडी गंमत पाहणाऱ्याला खटकत नव्हतं, तसंच. साळुंके इतके लोकप्रिय झाले, की १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही तेच होते.

पण त्याच वर्षी, १९१३ मध्येच, फाळक्यांना बाई मिळाली. एक नव्हे, दोन.

दुर्गाबाई कामत नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या होत्या, आणि पदरात एक लहान मुलगी होती. विसाव्या शतकाच्या आरंभी एकट्या ब्राह्मण बाईला पोट भरायचे रस्ते मोजकेच होते. लोकांची धुणीभांडी, नाही तर देह विकणं. दुर्गाबाईंनी तिसरा रस्ता धरला आणि त्या नाटक मंडळीत गेल्या. जातीनं बहिष्कार टाकला. मुलगी कमला कंपनीच्या बिऱ्हाडातच वाढली, चार-पाच वर्षांची असल्यापासून रंगमंचावर उभी राहू लागली. शाळा तिला मिळाली नाही; अक्षरओळखीपासून गाण्यापर्यंत सगळं आईकडून आणि कंपनीच्या मुक्कामांतून मिळालं. नाटक कंपनीचा मोसम संपून खेळ थांबले होते, तेव्हा फाळक्यांनी दोघींना ‘मोहिनी भस्मासुर’साठी घेतलं. एव्हाना त्यांनी आपला पसारा नाशिकला हलवला होता. दुर्गाबाई पार्वती झाल्या, तेरा वर्षांची कमला मोहिनी झाली.

गोष्ट आपल्या सगळ्यांना ठाऊक आहे. ज्याच्या डोक्यावर हात ठेवीन तो भस्म होईल, असा वर मिळालेला राक्षस आणि त्याला नाचवत नाचवत स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवायला लावणारी मोहिनी. पुराणातली मोहिनी म्हणजे स्त्रीचं रूप घेतलेले विष्णू. पुरुषानं बाईचं सोंग घ्यायचं ही त्या कथेतलीच सोय होती, आणि नेमकी तीच भूमिका खऱ्या मुलीनं केली. फाळक्यांनी हे ठरवून केलं असेल असं मी म्हणणार नाही. पण अण्णा साळुंक्यांसारखा कसलेला ‘नट-नटी’ हाताशी असताना त्यांनी कमलेला उभं केलं, याला महत्त्व आहे.

फाळक्यांच्या घरातलीही एक मुलगी पडद्यावर आली. मंदाकिनी. ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) आणि ‘कालियामर्दन’ (१९१९) यांत बाळकृष्ण तिनं केला. ‘कालियामर्दन’च्या सुरुवातीला कथा सुरू होण्याआधी फाळक्यांनी तिचा नुसता चेहरा दाखवला आहे. राग, हसू, भीती, कौतुक, एकामागून एक भाव चेहऱ्यावर येतात आणि सहा-सात वर्षांची ती पोर थेट आपल्याकडे बघते. मग त्याच चेहऱ्यातून कृष्ण उमटतो. आधी मुलगी, मग देव. आपली लेक काय करू शकते हे बापानं सगळ्या मुलखाला अभिमानानं दाखवलं आहे. घरच्या मुलीचं तोंड परक्यांना दिसू नये, असं मानणाऱ्या काळात.

हा पेच फक्त आपल्याकडचा होता का? जपानकडे पाहिलं की आश्चर्य वाटतं, इतकी तीच गाठ तिथेही बसलेली दिसते.

जपानच्या काबुकी नाट्याचा आरंभच एका बाईपासून धरतात. इझुमोची ओकुनी १६०३ च्या सुमारास क्योतोत आपल्या मेळ्यासह नाचली, पुरुषांची सोंगं घेऊन नाचली, आणि लोक वेडे झाले. १६२९ मध्ये शोगुनच्या सरकारनं रंगमंचावर बायकांना बंदी केली. मग जवळजवळ अडीचशे वर्षं बायकांच्या भूमिका पुरुष करत राहिले. त्यांना ओन्नागाता म्हणत. ते घरीदारीही बायकांसारखे वागत, चालत, जेवत, म्हणजे भूमिका अंगात मुरावी. आपल्या बालगंधर्वांच्या, म्हणजे नारायणराव राजहंसांच्या, शालूची आणि पदराची नक्कल पुण्या-मुंबईच्या बायका करत, तशी तिकडे ओन्नागातांच्या केशभूषेची नक्कल होई.

जपानी कॅमेऱ्यानं सुरुवातीला टिपलेल्या दृश्यांत गेइशांचे नाच आहेत. १८९९ मध्ये असे नाच तोक्योच्या काबुकीझा नाट्यगृहात दाखवले गेले. म्हणजे बाई पडद्यावर होती, पण नाचणारी म्हणून. पात्र म्हणून नव्हे. त्याच वर्षीच्या शेवटी त्सुनेकिची शिबाता यांनी ‘मोमिजिगारी’ या नाटकातला प्रसंग घेतला. जपानचा आज उपलब्ध असलेला हा सर्वांत जुना चित्रपट. त्यात राजकन्येच्या रूपात आलेली राक्षसी आहे आणि ती झाले आहेत काबुकीचे थोर नट नववे दानजुरो. उघड्यावर चित्रण चालू असताना वाऱ्याची झुळूक आली आणि त्यांच्या हातातला पंखा उडाला. दुसऱ्यांदा घेणं शक्य नव्हतं, म्हणून उडालेला पंखा तसाच राहिला.

रंगभूमीवर बायका परत आल्या, तिथेही आधी आली ती एक गेइशा. सादायाक्को. नवरा कावाकामी ओतोजिरो याच्या मंडळीबरोबर ती १८९९ मध्ये अमेरिकेला गेली, १९०० च्या पॅरिस प्रदर्शनात नाचली आणि युरोपभर गाजली. परत आल्यावर १९०८ मध्ये तिनं अभिनेत्री घडवणारी शाळा काढली. पाठोपाठ मात्सुई सुमाको आली. १९११ मध्ये इब्सेनच्या नाटकातली नोरा तिनं केली, १९१४ मध्ये तॉलस्तॉयच्या ‘रिझरेक्शन’वरच्या नाटकात कात्युशा केली. त्यातलं तिचं गाणं ध्वनिमुद्रिकेवरून देशभर पोचलं. इतकं सगळं झाल्यावर निक्कात्सु कंपनीनं त्याच वर्षी कात्युशावर चित्रपट काढला. नायिकेच्या भूमिकेत कोण? ताचिबाना तेइजिरो. ओन्नागाता. बाईनं घडवलेली भूमिका पडद्यावर जाताना पुन्हा पुरुषाच्या अंगावर चढली.

सुमाकोचा शेवट वाईट झाला. तिचे दिग्दर्शक आणि सहचर शिमामुरा होगेत्सु १९१८ च्या नोव्हेंबरात इन्फ्लुएंझाच्या साथीत गेले. दोन महिन्यांनी, ५ जानेवारी १९१९ रोजी, तिनं गळफास घेतला. त्याच वर्षी कायेरियामा नोरिमासा यांच्या नव्या धर्तीच्या चित्रपटात हानायागी हारुमी ही अभिनेत्री नायिका म्हणून आली. शोचिकु कंपनीनं कामाता इथे स्टुडिओ उभारला आणि १९२१ मध्ये कुरिशिमा सुमिको पडद्यावर येऊन लोकांची लाडकी झाली. ओन्नागातांचं आसन डळमळलं. १९२२ मध्ये निक्कात्सुतल्या ओन्नागातांनी आणि इतर नटांनी कंपनी सोडली. त्यांच्यातले तेइनोसुके किनुगासा पुढे मोठे दिग्दर्शक झाले, त्यांच्या चित्रपटाला १९५४ मध्ये कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळालं. १९२३ च्या भूकंपानं तोक्योतली चित्रपटगृहं आणि जुनी व्यवस्था एकदमच कोसळली. तिकडे हा बदल कंपन्यांच्या चढाओढीनं झाला. आपल्याकडे मात्र एकेका बाईच्या आयुष्यातून तो रेटला गेला.

कोल्हापूरला बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली ती १९१७ च्या अखेरीस. शाहू महाराजांचा आश्रय होता हे सगळे सांगतात. पण भांडवल उभं करताना कोल्हापूरच्या गायिका तानीबाई कागलकरांनी पैसा दिला, हे फार कमी वेळा ऐकू येतं. एका गाणाऱ्या बाईच्या मिळकतीवर मराठी चित्रपटाचं दुसरं घराणं उभं राहिलं. तानीबाईंचा फोटो कुठल्याही चित्रपटविषयक ग्रंथाच्या पहिल्या पानांत असायला हवा होता.

पेंटरांचा पहिला मोठा चित्रपट ‘सैरंध्री’, १९२०. पुण्याच्या आर्यन थिएटरात तो लागला, आणि लोकमान्य टिळकांनी पेंटरांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. कीचकाच्या वधाचा प्रसंग इतका खरा वाटला, की बायका किंचाळल्या. या चित्रपटात गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघींनी कामं केली. पडद्यासाठी त्यांना कमलादेवी आणि सुशीलादेवी अशी नावं दिली गेली. या नावांकडे नीट पाहावं. नुसतं ‘बाई’ असलं की गाणाऱ्या-नाचणाऱ्या घरची, ‘देवी’ लावलं की कुलीन, असा तो हिशोब. प्रेक्षकाला देवी मिळाली. पण गुलाबबाई आणि अनसूयाबाईंना काय मिळालं? त्यांच्या समाजानं त्यांना वाळीत टाकलं, आणि दोघींना कंपनीच्या आवारातच आसरा घ्यावा लागला. कॅमेऱ्यासमोर जे मोठमोठे पडदे आणि महालांचे देखावे उभे होते, त्यांच्याच आडोशाला त्या राहत होत्या. पुढे १९२५ मध्ये पेंटरांनी ‘सावकारी पाश’ काढला, खेड्यातला शेतकरी आणि सावकार यांची गोष्ट. त्यात तरुण व्ही. शांताराम होते आणि नायिका कमलादेवी होत्या. मराठी चित्रपट पुराणातून जमिनीवर उतरला, तेव्हाही शेतकरणीच्या वेशात गुलाबबाईच उभ्या होत्या.

रंगभूमीवर या सुमारास बायकांच्या स्वतंत्र मंडळ्या होत्या. बेळगावकर स्त्री नाटक मंडळी, सातारकर स्त्री संगीत मंडळी, मनोहर स्त्री संगीत मंडळी. तिथे उलटा प्रकार. बायकाच अर्जुन होत, बायकाच दुष्यंत. मोगूबाई कुर्डीकरांसारख्या पुढे गानतपस्विनी म्हणून गाजलेल्या गायिकेचं बालपण अशा मंडळ्यांत गेलं. गोव्याच्या देवळांच्या आश्रयानं राहणाऱ्या कलावंत घरांतून किती गायिका आणि अभिनेत्री महाराष्ट्राला मिळाल्या, हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. या बायकांकडे सूर होता, ताल होता, चारचौघांत उभं राहायचा सराव होता. नव्हती ती फक्त प्रतिष्ठा.

मूकपटांच्या काळात मुंबईतल्या कंपन्यांनी दुसरी वाट काढली होती. अँग्लो-इंडियन आणि ज्यू मुलींना घ्यायचं, नाव हिंदू ठेवायचं. रूबी मायर्स ‘सुलोचना’ झाली, रेनी स्मिथ ‘सीतादेवी’ झाली. भाषेची अडचण नव्हती, कारण बोलायचंच नव्हतं. १९२७-२८ मध्ये सरकारनं टी. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली चित्रपट चौकशी समिती नेमली, तिच्यापुढेही ‘चांगल्या घरच्या’ मुली या धंद्यात का येत नाहीत, हा प्रश्न फिरून फिरून आला. मला या प्रश्नाचीच चीड येते. ज्या आल्या होत्या, घाम गाळत होत्या, त्यांना ‘चांगल्या’तून वगळूनच हा प्रश्न विचारता येत होता.

१४ मार्च १९३१ रोजी ‘आलमआरा’ लागला आणि पडदा बोलू लागला. आता उच्चार हवे होते, गळा हवा होता. पार्श्वगायनाची सोय अजून आलेली नव्हती. जी दिसणार तिनंच गायचं. कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीनं आपल्या पहिल्या बोलपटासाठी पुन्हा हरिश्चंद्राचीच कथा घेतली, आणि पुन्हा तोच प्रश्न उभा राहिला. तारामती कोण होणार?

या वेळी उत्तर आलं मुंबईतल्या एका सॉलिसिटरच्या घरातून. दुर्गा खोटे, माहेरच्या लाड. इंग्रजी शाळेत शिकलेल्या, सेंट झेवियर्स कॉलेजात गेलेल्या, सासरही बड्या घरचं. यापूर्वी त्यांनी ‘फरेबी जाल’ नावाच्या चित्रपटात एक छोटीशी भूमिका केली होती आणि तिच्यावरून नातेवाइकांत आणि समाजात गहजब झाला होता. तरीही शांतारामांनी आणि गोविंदराव टेंब्यांनी त्यांना गाठलं. टेंबे स्वतः हरिश्चंद्र झाले, संगीतही त्यांचंच. ६ फेब्रुवारी १९३२ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात ‘अयोध्येचा राजा’ लागला. मराठी आणि हिंदी, दोन्ही भाषांत काढलेला. दुर्गाबाई उभ्या राहिल्या, बोलल्या, स्वतःच्या गळ्यानं गायल्या. १९१३ मध्ये खाणावळीतल्या तरुणानं केलेली भूमिका, एकोणीस वर्षांनी घरंदाज घरातल्या बाईनं केली.

त्यानंतर दार उघडलं असं म्हणतात, आणि ते खरंच आहे. लीला चिटणीस पदवीधर होत्या, त्या आल्या. १९३३ च्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकापासून रंगभूमीवरही स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी करणं रुळू लागलं. पण दुर्गा खोट्यांनी ‘मी, दुर्गा खोटे’ या आत्मचरित्रात स्वतःच मोकळेपणानं सांगितलं आहे, की त्या कलेच्या ओढीनं घराबाहेर पडल्या नव्हत्या. सासरची श्रीमंती ओसरली होती, दोन लहान मुलं होती, घर चालवायचं होतं. म्हणजे नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या दुर्गाबाई कामतांना १९१३ मध्ये नाशिकला घेऊन आली ती गरज, आणि दुर्गा खोट्यांना कोल्हापूरला घेऊन आली ती गरज, यांत घराण्याचा फरक होता, नियम मोडण्यामागची निकड मात्र तीच. फरक पडला तो समाजाच्या वागण्यात. एकीवर बहिष्कार आला, दुसरीला थोडा गहजब सोसल्यावर मान मिळाला. दुर्गा खोटे त्या मानाच्या पूर्ण हक्कदार होत्या. पण पहिल्या दोघी मायलेकींचा मान कुणीतरी बुडवला आहे, हेही म्हणायलाच हवं.

पुरुषांनी केलेल्या स्त्रीभूमिकांचा काळ पडद्यावरून कसा गेला, त्याचं एक उदाहरण मनाला लागतं. बालगंधर्व ‘प्रभात’च्या ‘धर्मात्मा’ (१९३५) या चित्रपटात संत एकनाथ झाले. पण त्यांचं मन स्त्रीभूमिकेत होतं. १९३७ मध्ये बाबूराव पेंटरांच्या दिग्दर्शनाखाली ‘साध्वी मीराबाई’त ते मीरा झाले. वयाच्या पन्नाशीकडे झुकलेले, कॅमेरा अगदी चेहऱ्याजवळ. ज्या मोहिनीनं तीस वर्षं महाराष्ट्राला झुलवलं, ती रंगमंचाच्या अंतराची आणि दिव्यांची होती. कॅमेरा ते अंतर ठेवत नाही. चित्रपट चालला नाही. प्रेक्षकांचं बालगंधर्वांवरचं प्रेम तसूभरही कमी झालं नाही, पण आता त्यांना पडद्यावर बाई हवी होती.

आणि त्या बाईला आता आवाज होता. शांता आपटे ‘कुंकू’ (१९३७) मध्ये म्हाताऱ्या नवऱ्याशी लावून दिलेल्या नीराचा संताप घेऊन उभ्या राहिल्या. तो संताप पडद्यापुरता नव्हता. १९३९ मध्ये करारावरून ‘प्रभात’शी बिनसलं, तेव्हा पुण्यातल्या स्टुडिओच्या फाटकाशी त्या उपोषणाला बसल्या. गांधीजींच्या काळातला देश, आणि पगारी नटी कंपनीच्या दारात उपास करते आहे! वर्तमानपत्रांना ती चैनीची बातमी वाटली. मला त्यात आपल्या कामाचा मोबदला आणि मान मागणारी कामगार बाई दिसते. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहिलं. झगमगाटाचं नव्हे, धंद्याचं पुस्तक.

कमलाबाईंचं पुढे काय झालं? मोहिनी झालेली ती मुलगी नटवर्य रघुनाथराव गोखल्यांशी लग्न होऊन कमलाबाई गोखले झाली. नवरा तरुणपणीच गेला. तीन मुलं वाढवायची होती. त्या थांबल्या नाहीत; रंगभूमी आणि चित्रपट दोन्हीकडे राबत राहिल्या, गरज पडली तेव्हा पुरुषांच्या भूमिकाही केल्या. दोन मुलं, लालजी आणि सूर्यकांत, तबल्यात नाव काढून गेली. तिसरे चंद्रकांत गोखले, थोर नट. नातू विक्रम गोखले. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपट केला, तेव्हा नव्वदीतल्या कमलाबाई पुण्यात राहत होत्या. त्या चित्रफितीत म्हातारपणानं वाकलेली पण तोंडाची धार न गेलेली एक बाई दिसते. जुन्या नाटकातली भाषणं तिला मुखपाठ आहेत. फाळक्यांच्या कारकिर्दीवर आजवर बरंच लिहिलं गेलं. त्यांच्यासमोर उभी राहिलेली पहिली मुलगी ऐंशी वर्षांनंतरही जिवंत होती आणि बोलायला तयार होती, पण तिच्याकडे ऐकायला जाणारे फार थोडे.

कलावंत घरांतून आलेल्यांपैकी एकीनं मात्र आपली हकिकत आपल्याच तोंडानं सांगितली. हंसा वाडकर. मूळचं नाव रतन साळगावकर. वाडकर हे आडनाव पडद्यासाठी घेतलेलं. घरात नाचगाण्याची परंपरा, आणि तेरा-चौदाव्या वर्षी घर चालवण्यासाठी स्टुडिओत पाऊल. १९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’नं त्यांना मोठं केलं. १९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’नं खेड्यापाड्यांतल्या तंबूंपर्यंत त्यांचं नाव गेलं आणि तमाशापटांची लाट आली. १९७० मध्ये त्यांचं आत्मकथन पुस्तकरूपानं आलं, त्याच नावानं. दारू, नवऱ्याचा पैशासाठीचा रेटा, घर सोडून जाणं, मुलीची ताटातूट, सगळं त्यात आहे, आणि स्वतःची कीव कुठेही नाही. पुस्तक आल्यानंतर त्या फार दिवस जगल्या नाहीत.

त्या कहाणीच्या आधारानं श्याम बेनेगल यांनी १९७७ मध्ये ‘भूमिका’ काढला. नायिका झाली स्मिता पाटील. खानदेशातल्या, राजकारणात मान असलेल्या घरची मुलगी. त्या भूमिकेसाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हंसाबाईंना स्वतःच्या हयातीत त्या तोडीचा एकही सरकारी सन्मान मिळाला नव्हता.